बर्मी देवाचं भांडण

रोज सकाळी चूळ भरून झाली की धोंडिराम खरात गल्लीच्या तोंडाशी जायचा. गोवंडीतली ती गल्ली मातीची. ती जिथं संपायची तिथून म्युनिसिपालटीचा डांबरी रस्ता सुरू व्हायचा. त्या कडेवर उभा राहून तो उजवी टाच रस्त्यावर आपटायचा, मान कलती करून कानोसा घ्यायचा, मग आणखी एकदा आपटायचा. "पोकळ हाय," असं स्वतःशीच म्हणून घरी चहाला परत. उभा जन्म रोड खात्यात डांबर ओतलेला माणूस. त्याच्या मते मुंबईतला एकूण एक रस्ता आतून पोकळ होता आणि आज ना उद्या खचणार होता. रस्ते काही खचले नाहीत. म्हाताऱ्याचं मतही हललं नाही.

जया सरतापेनं हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तिला वाटलं, आपल्या फिल्मची सुरुवात मिळाली. ते ब्याऐंशी साल होतं.

त्या वर्षी तिचे वडील गेले. सहदेव सरतापे घाटकोपरच्या एका रंगाच्या कारखान्यात फाटकावर वॉचमन होते. घरी आले की पंतनगरच्या क्वार्टरमध्ये खिडकीशी खुर्ची ओढून बसायचे आणि बसूनच राहायचे. वडिलांचा चेहरा आठवायचा म्हटलं की जयाला तो बाजूनं आठवायचा, खिडकीकडे वळलेला. पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला गोवंडीहून एक उंच, वाळका म्हातारा आला. त्यानं फोटोला हार घातला, बाकीच्यांचं चांगलं-चांगलं बोलून होईपर्यंत थांबला, मग उठून म्हणाला, "आमी दोघं बर्माला हुतो. लढाईत. रस्ता केला आमी." एवढंच बोलून तो बसला. जयानं आईकडे पाहिलं. आई चहात साखर ढवळत होती. तिला हे ठाऊक होतं असं तिच्या चेहऱ्यावरून वाटत नव्हतं, आणि नव्हतं असंही वाटत नव्हतं.

बर्मा! जयाच्या वडिलांच्या कपाळाला अंधेरीला जायचं म्हटलं तरी आठ्या पडायच्या.

जया तेव्हा अंधेरीतच, जाहिरातींच्या फिल्म काढणाऱ्या एका कंपनीत दिग्दर्शकाच्या हाताखाली काम करत होती. बिस्किट मोडल्याचा आवाज कुरकुरीत यावा म्हणून दिवसभर बिस्किटं मोडायची, साबणाचा फेस कॅमेऱ्यापुढे मावळू नये म्हणून तो पुन्हा पुन्हा फेटायचा. हात कामात असायचे आणि मन दुसरीकडे धावत असायचं. एका जागी ठरेल ती जया नव्हे. चहा ती उभ्यानं प्यायची. बसची वाट पाहवली नाही की पुढच्या स्टॉपकडे चालत सुटायची, आणि बस तिला दोन स्टॉपांच्या मधे गाठून निघून जायची.

धोंडिरामचं ते एक वाक्य तिच्या पायात काट्यासारखं शिरलं. ती ग्रंथालयांमधून हिंडू लागली. ब्रह्मदेशातल्या लढाईवरची जाडजूड इंग्रजी पुस्तकं तिला मिळाली. त्यांत नकाशे होते, सेनापतींचे फोटो होते, ओंडके ओढणाऱ्या हत्तींचेही होते. रस्ता करणाऱ्या माणसांवर, तिनं चाळलेल्या पुस्तकांत तरी, एखाददुसरी ओळ होती. माण तालुक्यातून, साताऱ्या-सांगलीकडून गेलेली ही माणसं, बहुतेक महारवाड्यांतली. गेली कशी, राहिली कुठं, मेली किती, काही नाही. तिनं लष्कराच्या कचेऱ्यांना पत्रं धाडली. उत्तरं आली नाहीत म्हणून पुन्हा धाडली. पुरावा आधी गोळा करायचा, मग कॅमेरा लावायचा, असं तिनं ठरवून टाकलं होतं.

मधूनमधून ती गोवंडीला जायची. धोंडिरामकाका बोलायचे भरपूर, पण सरळ रेषेत कधी नाही, कारण त्यांची बायको सुंदराबाई शेजारी बसलेली असायची. नवऱ्यानं एक वाक्य टाकलं की तिनं त्यावर दुसरं टाकलंच. बर्माचं नाव निघालं की दोघांचं कुठल्याशा देवावरून जुंपायचं. जया हसून उठायची. मनात म्हणायची, हे नंतर नीट सोडवून घेऊ. अशी तीन वर्षं गेली.

पंच्याऐंशीच्या उन्हाळ्यात ती गेली तेव्हा म्हाताऱ्याचा आवाज घोगरा झाला होता, फुटक्या मडक्यातून यावा तसा.

"गाठ हाय म्हनत्यात गळ्यात," सुंदराबाई म्हणाली. "पेटीच काढनार हायेत."

"कसली पेटी, काकी?"

"आवाजाची. ह्यांच्या गळ्यात पेटी हाय ह्ये मला तरी कुठं ठावं हुतं? मला आपलं वाटायचं, नुसता भोंगा हाय."

"ऐकलंस?" धोंडिराम घोगऱ्या आवाजात म्हणाला. "मरायला टेकलोय तरी हिचं आपलं हायेच."

"मरतासा कशानं? डाक्टर म्हनला, जीव ऱ्हाईल, आवाज जाईल. मी म्हनलं, माझ्या सौंसारात परथमच फायद्याचा सौदा."

ऑपरेशन येत्या बुधवारी होतं. परळच्या हॉस्पिटलात जागा मिळाली होती. जया गल्लीतून बाहेर पडली ती न थांबता चालत राहिली. वडिलांचा आवाज गेला तो गेलाच होता. त्यातला एक शब्दसुद्धा कुठं धरून ठेवलेला नव्हता. त्या रस्त्यावर त्यांच्याबरोबर होता असा तिच्या माहितीतला एकच माणूस उरला होता, आणि त्याचा आवाज बुधवारी सकाळी कापून काढणार होते. तिनं तीन वर्षं कागद धुंडाळले होते. माणूस बोलत होता तेव्हा तिनं त्याला पुढच्या खेपेवर ढकललं होतं.

तिनं चंद्रप्रकाशला गाठलं. हा तिचा कॉलेजपासूनचा मित्र. अंधेरीत कॅमेरे भाड्यानं देणाऱ्या दुकानात कामाला होता.

"रविवारी कॅमेरा बाहेर काढतो," तो म्हणाला. "सोमवारी शटर उघडायच्या आत परत पाहिजे. आणि फिल्म?"

"आहे. जाहिरातींतून उरलेले तुकडे जमवलेत. थोडेच आहेत."

"म्हणजे साबणाच्या उरलेल्यात म्हातारा बसवायचा. झकास."

रविवारी दोघं सामान घेऊन गोवंडीला पोचले. चंद्रप्रकाशनं पत्र्याच्या फटीतून येणारं ऊन पाहून जागा ठरवली, शेजाऱ्याकडून खुर्ची आणली. धोंडिराम ठेवणीतला कोट घालून, दाढी करून तयार होता. आवाजाचं काम जयाकडे होतं. कानांवर हेडफोन, खांद्याला टेपचं यंत्र, हातात माइक. फिल्मच्या धंद्यात पहिल्या दिवशी शिकवतात ते तिनं दोघांना समजावून सांगितलं: एका वेळी एकानंच बोलायचं. दोन आवाज एकमेकांवर चढले की ते नंतर वेगळे करता येत नाहीत, कापता येत नाहीत, सगळं वाया जातं.

"मी कशाला बोलतीय?" सुंदराबाई उंबऱ्यात बसून मेथी निवडू लागली. "लढाई काय मी केली?"

कॅमेरा सुरू झाला. धोंडिरामनं खाकरून सुरुवात केली. "तामूच्या फुडं आमास्नी नेलं..."

"तामू न्हाई. मागं मनीपूर म्हनत हुतासा."

जयानं मान न वळवता तिच्या दिशेनं तळहात दाखवला. म्हातारा पुन्हा बोलू लागला. लगेच उंबऱ्यातून टोमणा आला, आणि म्हाताऱ्यानं तो अर्ध्यातच पकडून परत फेकला. हेडफोनमध्ये दोन आवाजांची गुंतवळ झाली. फिल्म सरकत होती. जयानं पुन्हा तळहात दाखवला. आणखी एकदा तसंच झालं तेव्हा तिच्या तोंडून निघून गेलं, "काकी, जरा गप्प बसाल का? नाहीतर बाहेर बसा ना थोडा वेळ."

सुंदराबाईनं मेथीची जुडी ताटलीत ठेवली. पदर खोचला. "बसते की भाईर," एवढंच म्हणाली आणि गेली.

आता खोली शांत झाली. जयाला हवी होती तशी.

"हं काका. सांगा. रस्ता कसा केलात?"

"चांगला केला, साहेब."

"मला साहेब काय म्हणता? बाबाही होते ना तुमच्याबरोबर? ते काय काम करायचे?"

"सगळी कामं करायचा, साहेब."

"विमानं यायची का?"

"व्हय, साहेब."

तो खुर्चीत ताठ बसला होता, हात गुडघ्यांवर, नजर जयाच्या डोक्यावरून थेट पलीकडे. तो जयाशी बोलतच नव्हता. कॅमेऱ्याच्या काळ्या डोळ्यात त्याला कोण दिसत होतं कोण जाणे. त्याला तो फक्त हजेरी देत होता. जयानं प्रश्न फिरवून विचारले, हसून पाहिलं, पाणी दिलं. चंद्रप्रकाशनं लेन्समधून डोळा काढला.

"वाट लागली, यार," तो तिच्या कानाशी म्हणाला. "हा बसल्या जागी सॅल्यूट मारतोय. बंद करू? एकच रीळ उरलंय."

"बंद कर."

बाहेर येऊन पाहतात तर सुंदराबाई नव्हती. शेजारीण म्हणाली, पिशवीत लुगडं टाकलं आणि गेली, लेकीकडं, चारकोपला.

"जाऊ दे," धोंडिराम कोटाची बटणं सोडत म्हणाला. त्याचा आवाज एकाएकी आणखी बारीक झाला होता. "यील बुधवारपातूर. न्हाई आली तर न्हाई. बोलायचं तरी कुनाशी हाय मग?"

सोमवारी जयाचं कामात लक्ष लागलं नाही. जेवणाच्या सुट्टीत सगळे बाहेर गेल्यावर तिनं यंत्रावरची साबणाच्या गाण्याची टेप काढली आणि आपली चढवली. पहिल्यांदा ऐकून संताप आला, दुसऱ्यांदा रडू येईलसं वाटलं. मग ती नुसतीच ऐकत राहिली. "तामूच्या फुडं." "तामू न्हाई, मनीपूर." "आगं मनीपूर वलांडल्याबिगर तामू येतंय व्हय?" इथं म्हाताऱ्याचा आवाज तिशीतल्या माणसासारखा उसळला होता. दोन आवाज जिथं एकमेकांत अडकले होते तेवढ्याच जागा जिवंत होत्या. एकच आवाज उरल्यापासून पुढं काही नव्हतं. पत्र्यावर कावळ्याची नखं वाजल्याचं तेवढं ऐकू येत होतं.

म्हातारा चाळीस वर्षं बर्मा सांगत होता तो जगाला नव्हे, बायकोला. आणि सांगत नव्हता, भांडत होता.

जयाला आपलं घर आठवलं. आई शांत, सोशिक. वडिलांच्या शब्दाला कधी शब्द लावला नाही असं सगळे कौतुकानं म्हणायचे. खिडकीशी बसलेल्या त्या माणसाशी भांडायला कुणी नव्हतं.

ती तशीच उठली आणि कांदिवलीला जाऊन पुढं चारकोप गाठलं. तिथं नुकते प्लॉट पडले होते. सेक्टरचे आकडे खांबांवर रंगवलेले होते, घरं अजून अर्धी होती. झाड नाही, सावली नाही. खाडीकडून खारट वारा आणि सिमेंटची धूळ. धोंडिरामच्या लेकीचं, वनमालाचं घर छपरापर्यंत आलं होतं आणि सुंदराबाई बादली घेऊन नव्या भिंतींवर पाणी मारत होती.

"काकी, चला," जया म्हणाली.

"मी कशाला? मला गप बसवलंस की तू." सुंदराबाईनं वळून न पाहता भिंतीवर तांब्या फेकला. "हात दाखवलास. बस थांबवत्यात तसा."

"चुकलं माझं."

"आज तिथं कोन हाय त्यांच्याजवळ? भाकरी केली कुनी?"

"शेजारीण देते म्हणाली होती काल."

"ती? ती भाकरी थापती का गवऱ्या?" आणखी एक तांब्या. मग ती थांबली. "तू बाय लढाई लढाई करत येतीस. लढाई बर्मात झाली आसंल न्हाईतर नसंल. माझ्या घरात मातूर झाली, आन् अजून मिटली न्हाई. त्ये कधी इच्यारलंस का?"

"उद्या विचारते. उद्याचाच दिवस आहे, काकी. परवा विचारून उपयोग नाही."

सुंदराबाईनं बादली खाली ठेवली. भिंतीवरून पाणी ओघळत होतं. "मी मधी बोलनार," ती म्हणाली. "लई बोलनार. हात वर केलास तर उठून जाईन, आन् मग लढाईचं इच्यार जा तुझ्या जपान्याला."

मंगळवारी चंद्रप्रकाशनं दुकानात काहीतरी थाप मारून कॅमेरा पुन्हा बाहेर काढला. "सहाच्या आत परत, नाहीतर माझी नोकरी गेली," असं तो वाटेत दहादा म्हणाला. या खेपेला खुर्ची आणली नाही. धोंडिराम बनियनवर, भिंतीला टेकून फरशीवर बसला. समोर सुंदराबाई सुपात डाळ घेऊन. जया दोघांच्या मधे, माइक जमिनीलगत धरून. तिनं प्रश्न विचारलाच नाही.

"कवा आलीस?" धोंडिरामनं विचारलं.

"डोळं फुटलं का? सकाळधरनं हितंच हाय."

"लेकीच्या भितींवर पानी मारून झालं? मला वाटलं, म्हातारी सुटली एकदाची."

"सुटतीय कशी? तुमचा त्यो बर्मावाला देव मला सोडतोय व्हय? ह्या पोरीला सांगा. सांगा की हिनं बुडवला. मी बी सांगते काय झालं त्ये."

"बुडवलासच की तू!"

आणि सुरू झालं. जयाच्या हेडफोनमध्ये दोन आवाज एकमेकांवर आदळू लागले. यंत्रावरचा काटा लाल खुणेपलीकडे उड्या मारत होता. तिनं आवाज कमी केला नाही.

"गोनपाट," धोंडिराम म्हणत होता, "गोनपाट डांबरात बुडवायचं आन् चिखलावर हातरायचं. सतरंजीवानी. कोसच्या कोस. त्याच्यावरनं ट्रका जायच्या फौजंच्या."

"घरात कधी चटई हातरली न्हाई या मानसानं."

"वरनं जपानी इमान आलं की त्याच सतरंजीवर पालथं पडायचं. तोंडाला डांबार. आन् दिसभर पाऊस. कोन हिवतापानं मेला, कोन हगवनीनं. मेला त्येला रस्त्याच्या कडंला पुरायचा, वर एक हिरवी काठी रवायची, वळखीला. म्हैन्याभरानं माघारी आलो तर काठ्यांस्नी पालवी. आता काठी कुठली आन् झाड कुठलं? समदं रान एक."

"ह्ये मला कधी सांगितलं न्हाई," सुंदराबाई म्हणाली. सुपातला तिचा हात थांबला.

"तू बोलू दिलंस व्हय कधी? देवावरच आडवती तू दर टायमाला."

"मग सांगा की देवाचं."

देव रस्त्याच्या कडेला चिखलात सापडला होता. वीतभर, पितळेचा, मांडी घालून बसलेला, डोळे मिटलेला. कोण, कुठला, दोघांनाही ठाऊक नव्हतं. धोंडिराम म्हणाला होता, पडू दे. "सहदेव म्हनला, ह्यो बेनं झोपलाय रं. ह्येला चिखलात कशापायी झोपू द्यायचं? आन् घेतला उचलून. मला हिवताप भरला तवा माझं वझं बी त्यानंच व्हायलं, त्या देवासकट."

जया ऐकत होती. 'ह्यो बेनं झोपलाय रं.' हे तिचे वडील बोलले होते.

लढाई संपली. सहदेव म्हणाला, आमच्या घरी आधीच देव झालेत बक्कळ, तूच ने. बर्मी देव माणमध्ये धोंडिरामच्या देव्हाऱ्यात आला, खंडोबा आणि मरीआईच्या मधे.

"मी त्येला हळदकुकू लावायची," सुंदराबाई म्हणाली. "दर मंगळवारी. आन् शेंदूर."

"बुद्धाला शेंदूर!"

"मला काय ठावं बुद्ध? तुमाला तरी हुतं का? तुमी म्हनला, बर्माचा म्हसोबा हाय."

मग छप्पन्न साल आलं. धोंडिराम मुंबईत, सुंदराबाई गावी सासूपाशी. नागपूरला दीक्षा घ्यायला निघायच्या आधी त्यानं गावच्या माणसाकरवी निरोप धाडला: घरातले सगळे देव विहिरीत सोड. मी येईन तेव्हा घर साफ दिसलं पाहिजे.

"सगळे म्हनला हुतासा का न्हाई? ह्या पोरीम्होरं सांगा."

"म्हनलो. पर..."

"पर न्हाई! सगळे म्हंजे सगळे. नवऱ्याचा सबूद म्हनून मी पाटी भरून हिरीवर नेले. तुमचा बर्मावाला पयला टाकला. जड हुता."

"आन् मी तिकडं नागपुरात," धोंडिरामचा आवाज फाटला, त्यानं खाकरून तो पुन्हा गोळा केला, "गर्दीत एकाच्या हातात तसबीर बघितली. मांडी घातल्याली. डोळं मिटल्यालं. सहदेवला म्हनलो, आरं, ह्यो तर आपल्या घरातला! सहदेव तिथंच मटकन खाली बसला. आमी दोघं तसंच गावाकडं. वाटंत भाकरी न्हाई, झोप न्हाई. म्हनलं, समद्या जगाला आज गावला त्यो, आमच्या देव्हाऱ्यात धा वर्सं झाली बसून हाय! दारातनंच वराडलो, आगं, बर्मावाला कुठाय?"

"आन् मी म्हनले, बुडवला की. तुमीच म्हनला हुता."

चंद्रप्रकाशला हसू आवरेना. खांद्यावरचा कॅमेरा हलू नये म्हणून त्यानं ओठ दाताखाली धरला. मग कॅमेऱ्यात खटकन आवाज झाला आणि फिल्मचं टोक आत फडफडू लागलं. रीळ संपलं. त्यानं जयाकडे पाहून हात पसरले: काही नाही, खलास. जयानं मान हलवली. टेप फिरत होती. दोघा म्हाताऱ्यांना काही कळलंही नाही.

"मग सहदेवनं धोतार सोडलं, आन् मारली हिरीत उडी."

"बाबांनी?" जया बोलून गेली. तिचा स्वतःचा आवाज टेपवर उमटला. "त्यांना पोहता यायचं?"

"माशावानी! दुपारपातूर बुड्या मारत हुता. समद्या वाड्यानं देव टाकल्यालं त्या हिरीत. एक बुडी मारली की एक देव वर. कुनाचा खंडोबाचा टाक, कुनाची मरीआई, कुनाचा बिनमुंडीचा नंदी. आन् काठावर बाया जमलेल्या..."

"मी हुते की तिथं! मला सांगू दे!" सुंदराबाई सूप बाजूला सारून पुढं सरकली. "बाया वराडत हुत्या, ए सहदेवा, आमचा नगं! आमचा परत टाक! एवढ्या मुश्किलीनं सुटलोय! आन् त्यो पान्यात हासतोय. एका हातात मरीआई, हासतोय. नाकातोंडात पानी जातंय, तरी हासतोय. आसा मानूस हासताना मी पुन्यांदा बघितला न्हाई."

"गावला का शेवटी तो?" चंद्रप्रकाशला राहवलं नाही.

"न्हाई," धोंडिराम म्हणाला. "तळ चिखलाचा. चिखलातनं काढला हुता, चिखलात गेला. बाकीचं समदं वर आलं. मग सहदेवनंच एकेक करून परत टाकलं."

"मी म्हनले, ऱ्हाऊ दे त्यो तिथंच. आमी बाया ऱ्हातो हितं, आमी बघू त्येला. तुमी जावा मुंबैला रस्तं करायला."

"आन् तवाधरनं ही मलाच..."

"तुमालाच! सगळे कोन म्हनलं?"

टेप संपेपर्यंत ते भांडत राहिले. चंद्रप्रकाश घड्याळ बघून कॅमेरा उचलून पळाला. जया तिथंच बसून राहिली. सुंदराबाईनं चहा केला, तो तिनं बसून प्यायला.

फिल्म पुरी व्हायला पुढं दोन वर्षं गेली. विहिरीतल्या उडीची गोष्ट येते तिथं तिच्यात चित्र नाही, पडदा काळा आहे आणि नुसते आवाज आहेत, एकमेकांवर चढलेले. जाणत्या लोकांनी, हा तांत्रिक दोष आहे, असं तिला समजावलं. घाटकोपरच्या विहारात पांढरी चादर टांगून ती दाखवली तेव्हा त्या काळ्या तुकड्यात माणसं डोळे पुसत हसली. जयाची आई शेवटच्या रांगेत होती. बाहेर पडताना म्हणाली, "मला वाटायचं, ते पाण्याला भितात." धोंडिराम तोवर पाटीवर खडूनं लिहून भांडायला शिकला होता, आणि सुंदराबाईला वाचता येत नसल्यानं ती दरवेळी जिंकत होती.

पण हे सगळं नंतरचं.

त्या बुधवारी सकाळी जया परळला पोचली तेव्हा हॉस्पिटलच्या व्हरांड्यात वनमाला नवऱ्याबरोबर उभी होती. सुंदराबाई म्हाताऱ्याच्या चपला पिशवीत घालून बाकावर बसली होती. जयाच्या पर्समध्ये छोटा कॅसेट रेकॉर्डर होता. सगळी वाट तिचा हात त्यावर होता. एक प्रश्न राहिला होता: त्या काठ्या कुणाकुणाच्या होत्या? नावं. निदान आठवतील तेवढी. त्याशिवाय ती फिल्म अपुरी राहील असं तिला वाटत होतं, आणि एवढ्या घाईत, एवढ्या माणसांत, त्या गळ्याला आता ते विचारायचं कसं, हेही कळत नव्हतं. ती व्हरांड्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत फेऱ्या घालत होती.

चाकांचा आवाज करत गाडी आली. धोंडिराम तिच्यावर आडवा होता, हिरव्या कपड्यात, एकाएकी लांब आणि हलका दिसत होता. वॉर्डबॉय म्हणाला, बोलायचं असेल तर बोलून घ्या पटकन. वनमाला रडायला लागली. जया पुढं झाली. म्हाताऱ्यानं तिला ओळखलं, मान हलवली, तिच्या हाताकडे पाहिलं. ती काही विचारणार असं त्याला वाटलं असावं. तो थांबलाही क्षणभर. पण न विचारताच ती एक पाऊल मागं सरली, आणि त्याची नजर तिच्यावरून सरकून बाकावरून उठणाऱ्या सुंदराबाईकडे गेली. जयानं पर्समधलं बटण दाबलं की नाही हे तिला पुढं कधीच आठवलं नाही. कॅसेटवर काही निघालं नाही.

सुंदराबाई गाडीजवळ आली. तिनं त्याच्या अंगावरची चादर नीट केली.

"घरातनं निगताना," धोंडिराम म्हणाला, "पान्याच्या ड्रमावर झाकन ठिवलंस का?"